सोयाबीनच्या वड्यांचा साधा रस्सा

सोयाबीनच्या वड्या आणल्या की त्यांचे ‘व्हेज मटण’ करायचे, असा एक पायंडाच आपल्याकडे पडून गेला आहे. भाजलेल्या खोबऱ्याचे वाटण, खडा मसाला आणि वर लालभडक तर्री असा सगळा थाट केला, तरी खाणारा मनातल्या मनात तुलना करतोच आणि तीत वडी हरते. हा वडीवर अन्याय आहे असे माझे मत आहे, कारण भाज्यांच्या पातळ, कमी तिखट रश्शात ती भाजीसारखीच घातली, तर तिच्याकडून कुणाचे सोंग घेण्याची अपेक्षा उरत नाही आणि कंटाळलेल्या संध्याकाळी पोटाला शांत वाटेल असे जेवण तासाभरात तयार होते.

आमचे मूळ गाव लातूर जिल्ह्यातले. खरिपात तिकडे जिकडे पाहावे तिकडे सोयाबीन उभे असते आणि दसरा-दिवाळीच्या सुमारास लातूरच्या आडतीत त्याच्या पोत्यांच्या थप्प्या लागतात. तरी घरोघरी रोजचे वरण मात्र तुरीचेच शिजते आणि सोयाबीन फार तर गव्हाच्या दळणात मूठभर पडते. बाकीचे सारे तेलासाठी जाते. तेल काढून घेतल्यावर उरलेले पीठ पाणी घालून, उष्णता आणि दाब देऊन यंत्राच्या साच्यातून बाहेर ढकलतात. बाहेर पडताक्षणी दाब उतरतो, आतल्या पाण्याची वाफ होते आणि पीठ फुगून त्याला जाळी पडते. हीच आपली वडी. कोरड्या १०० ग्रॅम वड्यांमध्ये सुमारे ५० ग्रॅम प्रथिने असतात, तर तुरीच्या डाळीत २२ ग्रॅमच्या आसपास. मात्र पाकिटावरचा हा आकडा कोरड्या वडीचा असतो आणि भिजल्यावर वडीचे वजन पाण्यामुळे कितीतरी वाढते, हे वाटीभर खाऊन हिशेब मांडणाऱ्यांनी ध्यानात ठेवावे.

तिघांसाठी ५० ग्रॅम वड्या पुरतात. उकळत्या पाण्यात चिमूटभर मीठ टाकून त्या पाच मिनिटे शिजवाव्यात, दहा मिनिटे झाकून ठेवाव्यात आणि मग गार पाण्यात घालून दोन्ही तळव्यांमध्ये दाबून पिळाव्यात. पहिल्यांदा निघणारे पाणी पिवळसर, फेसाळ असते आणि त्याला कच्च्या शेंगेसारखा उग्र वास येतो. पुन्हा स्वच्छ पाण्यात बुडवून पिळावे. पाणी बऱ्यापैकी नितळ निघू लागले की थांबावे. हे काम कंटाळवाणे आहे आणि त्यात घाई चालत नाही, कारण जाळीतले जुने पाणी निघाल्याशिवाय रश्शाला आत शिरायला जागाच मिळत नाही. मोठी वडी असेल तर ती अर्धी करावी आणि मधला भाग पांढरट, कोरडा राहिला नाही ना, हे त्याच वेळी पाहून घ्यावे.

पातेल्यात दोन चमचे तेलावर जिरे, हिंग, बारीक चिरलेला कांदा आणि ठेचलेले आले-लसूण परतावे. हळद, धने-जिऱ्याची पूड आणि थोडे मिरे पुरे आहेत. लाल तिखट नावापुरतेच घालावे. त्यावर वड्या दोन-तीन मिनिटे परताव्यात, म्हणजे पृष्ठभागावरचे पाणी उडून त्या फोडणीची चव धरू लागतात. मग बटाटा, गाजर आणि फरसबी घालून वरून आधणाचे पाणी ओतावे. दुधी लवकर गळतो, त्यामुळे तो मागाहून घालावा. टोमॅटोही बटाटा मऊ झाल्यावरच घालावा, कारण आंबटपणात बटाट्याच्या फोडी लवकर शिजत नाहीत. मंद आचेवर झाकण ठेवून सगळे एकजीव होऊ द्यावे. पळीच्या पाठीने वडी दाबली असता तिच्यातून बुडबुड्यांसह रस्सा बाहेर आला आणि पळी उचलताच ती पुन्हा फुगली, तर काम झाले असे समजावे.

दाटपणासाठी काजू किंवा साय मला या रश्शात नको वाटते. मराठवाड्यात घरोघरी करून ठेवतात तो येसर, म्हणजे धान्य, डाळी आणि मसाले भाजून केलेले पीठ, चमचाभर घेऊन गार पाण्यात कालवावे आणि शेवटच्या पाच मिनिटांत सोडावे. रश्शाला अंग येते आणि भाजलेल्या धान्याचा खमंग वास दरवळतो. येसर नसेल, तर एक शिजलेला बटाटा पळीने रश्शातच चेचावा. मीठ मात्र सगळ्यात शेवटी चाखूनच घालावे, कारण वड्यांच्या उकळीतले थोडे मीठ पिळल्यानंतरही मागे राहिलेले असते.

ज्वारीची गरम भाकरी असेल तर उत्तमच. पाहुणे आले तर भात लावावा. उरलेला रस्सा दुसऱ्या दिवशी घट्ट होतो, कारण वड्या रात्रभर तो पीत राहतात. तेव्हा गरम करताना कढत पाणी घालून तो पुन्हा सैल करावा आणि ताटात वाढल्यावर लिंबू पिळावे.