कवडीमोल

वृत्तपत्राच्या कचेरीत उपसंपादक म्हणून रुजू झालो, तेव्हा पहिल्या वर्षभरात ‘कवडीमोल’ हे विशेषण माझ्या हातून किती वेळा छापून गेले असेल, याची मोजदाद नाही. टोमॅटो कवडीमोल, कोथिंबीर कवडीमोल, रस्त्यासाठी घेतलेली जमीन कवडीमोल, आणि वर्षातून दोनदा तरी कांदा कवडीमोल. एका संध्याकाळी मी ‘कांद्याला कवडीमोल भाव’ असा मथळा लिहून पुढे पाठवला. आमच्या एका ज्येष्ठ सहकाऱ्यांनी तो परत आणला आणि ‘भाव’ या शब्दावर हळूच रेघ ओढली. “मोल म्हणजेच भाव. भावाला कसला भाव आला? कांदा कवडीमोल आहे, एवढेच लिहा,” असे ते म्हणाले.

व्याकरणाच्या दृष्टीने त्यांचे बरोबर होते. ‘ज्याचे मोल कवडीइतके आहे ते कवडीमोल’ असा हा सरळ बहुव्रीही समास आहे, आणि तो वस्तूला लागतो, किमतीला नव्हे. व्यवहारात मात्र ‘कवडीमोल भाव’, ‘कवडीमोल दर’, ‘कवडीमोलाने विकला’ हे सगळे प्रयोग इतके रुळले आहेत की त्यांना चुकीचे ठरवण्याचा आग्रह मी आता सोडला आहे. त्या दिवशी मनात राहिली ती दुसरीच गोष्ट. आपण उठल्याबसल्या जिचा दाखला देतो ती कवडी म्हणजे नेमके काय, हे मला धड माहीत नव्हते. घरी देवघराच्या खुंटीला आजीची कवड्यांची माळ होती, ती मी लहानपणापासून पाहत आलो होतो. पण तिच्यातला प्रत्येक मणी म्हणजे एकेकाळी समुद्रात जगलेल्या जिवाचे घर आहे, हा विचार कधी मनात आला नव्हता.

कवडी ही एक सागरी गोगलगाय आहे. चलन म्हणून जी जगभर फिरली ती जात आकाराने लहान, साधारण बोटाच्या पेराएवढी, पिवळट पांढरी, पाठीवर किंचित खडबडीत उंचवटे असलेली आणि पोटाशी दातेरी फट असलेली. ती हिंदी आणि प्रशांत महासागरांच्या उष्ण, उथळ पाण्यात, प्रवाळांच्या आणि दगडांच्या आडोशाने राहते. कोकणच्या खडकाळ किनाऱ्यावरही कवडीच्या कुळातल्या काही जाती सापडतात. हा प्राणी जिवंत असताना त्याच्या अंगाची मऊ पाळ बाहेर येऊन शिंपल्याची पाठ दोन्ही बाजूंनी झाकून टाकते, आणि त्यामुळेच कवडीला ती जन्मजात झिलई लाभते. इतर शंखशिंपले वाळूवर घासून, किनाऱ्यावर आपटून निस्तेज होतात. ही मात्र पाण्याबाहेर काढली तरी चकचकीत राहते. ‘कवडीसारखे दही’ असे आपल्याकडे सुगरणी म्हणतात तेव्हा त्यांच्या डोळ्यांसमोर हीच झिलई असते. घट्ट, शुभ्र, वर तुळतुळीत साय धरलेले आणि चमच्याने कापले तरी पाणी न सोडणारे दही. इथे कवडी हे पूर्ण कौतुक आहे. एकाच जिवापासून निघालेले एक विशेषण बाजारात हेटाळणीचे झाले आणि दुसरी उपमा स्वयंपाकघरात शाबासकीची झाली, हे मला फार विलक्षण वाटते.

संस्कृतात कवडीला कपर्द, कपर्दिका आणि वराटक असे शब्द आहेत; कपर्दिकेचीच प्राकृतातून येता येता कवडी झाली. ऋग्वेदात रुद्राला ‘कपर्दी’ म्हटले आहे. कवडीसारखी वळवून बांधलेली केसांची गुंडाळी ज्याच्या मस्तकी आहे तो कपर्दी, असा त्याचा परंपरेने सांगितलेला अर्थ आहे. वसिष्ठांच्या कुळातले लोक ही वेणी उजव्या बाजूला घालत, म्हणून त्यांच्यासाठी ‘दक्षिणतस्कपर्द’ असेही विशेषण तिथे येते. जुन्नरजवळच्या ओतूरला श्रावणी सोमवारी तांदळाच्या पिंडी पाहायला जे भाविक जातात, ते ज्या देवाला नमस्कार करतात त्याचे नावच कपर्दिकेश्वर आहे.

तेव्हा कवडी ही काही मुळात तुच्छतेची खूण नव्हती. ती तुच्छ ठरली ती चलन म्हणून, आणि तेही सर्वांत खालच्या पायरीवर उभी राहिल्यामुळे. ही पायरी किती खाली होती, हे भास्कराचार्यांनी ११५० साली रचलेल्या ‘लीलावती’ या गणिताच्या ग्रंथाच्या सुरुवातीलाच दिलेले आहे: वीस वराटकांची एक काकिणी, चार काकिणींचा एक पण, सोळा पणांचा एक द्रम्म आणि सोळा द्रम्मांचा एक निष्क. म्हणजे एका द्रम्मात १२८० कवड्या, आणि एका निष्कात २०४८०. चाळीसगावजवळच्या पाटणला भास्कराचार्यांच्या नातवाच्या, चांगदेवाच्या नावाचा शिलालेख आहे, त्यामुळे हे कोष्टक वाचताना मला ते आपल्याच अंगणात कोणीतरी मांडल्यासारखे वाटते.

याच ग्रंथात अपूर्णांकांच्या गुणाकाराचे एक उदाहरण आहे. एका याचकाने फार विनवणी केल्यावर एका कदर्याने, म्हणजे चिक्कू माणसाने, त्याला दान दिले. किती दिले? एका द्रम्माच्या अर्ध्याचे दोन तृतीयांश, त्याचे तीन चतुर्थांश, त्याचा पाचवा हिस्सा, त्याचा सोळावा हिस्सा आणि त्याचा चौथा हिस्सा. तर बाळा, त्याने किती कवड्या दिल्या ते सांग. गुणाकार करीत गेले की अर्ध्याचे दोन तृतीयांश म्हणजे एक तृतीयांश होते, मग एक चतुर्थांश, मग विसावा भाग, मग तीनशे विसावा आणि शेवटी एक हजार दोनशे ऐंशीवा. उत्तर एक कवडी. मी हे गणित प्रथम सोडवले तेव्हा त्या शेवटच्या आकड्यापाशी थांबून राहिलो. दान देणारा जितका आव आणतो तितकी लांबलचक अपूर्णांकांची रांग, आणि तिच्या टोकाला याचकाच्या तळहातावर पडलेली एकुलती एक कवडी. मराठीत ज्याला आपण ‘कवडीचुंबक’ म्हणतो, त्याचे याहून अचूक चित्र मला कुठे आढळलेले नाही. चुंबक म्हणजे लोखंड ओढणारा दगड, आणि मूळ संस्कृतात चुंबन घेणारा. दोन्ही अर्थांनी तो माणूस कवडीला चिकटलेला आहे.

‘फुटकी कवडी’ हा शब्दप्रयोगही असाच जुना आहे. भर्तृहरीच्या वैराग्यशतकात धनाच्या आशेने जमीन खणलेला, समुद्र ओलांडलेला, राजांची मनधरणी केलेला माणूस शेवटी तृष्णेला म्हणतो की मला ‘काणवराटक’सुद्धा मिळाला नाही. काणा म्हणजे एका डोळ्याचा. काणी कवडी ती आपली फुटकी कवडी. आपण ‘त्याच्याकडे फुटकी कवडी नाही’ म्हणतो तेव्हा ते वाक्य शेकडो वर्षे वापरात असल्याची जाणीव आपल्याला नसते.

आता माझ्या मूळ मुद्द्याकडे येतो. ‘कवडीमोल’ आणि ‘मातीमोल’ हे दोन शब्द आपण अनेकदा एकमेकांच्या जागी वापरतो, आणि कोशातही ते शेजारी शेजारी नांदतात. मला ते एक वाटत नाहीत. मातीमोल झालेली वस्तू नासलेली, हातची गेलेली असते: पावसाने भिजलेला हरभरा मातीमोल होतो, कुणाची आयुष्यभराची मेहनत मातीमोल होते, तिथे घेणारा कुणी उरलेला नसतो. कवडीमोल वस्तूला मात्र गिऱ्हाईक असते. तिचा सौदा होतो, कुणीतरी कवडी मोजतो आणि वस्तू घेऊन जातो. वस्तू चांगली आहे, खणखणीत आहे. तिला मिळालेली किंमत तेवढी क्षुद्र आहे. म्हणजे हे विशेषण व्याकरणाने वस्तूला लागत असले तरी अर्थाने ते सौद्यावर बोट ठेवते. माझ्या मते या शब्दाची सारी ताकद याच बोटात आहे, आणि निकस, टाकाऊ वस्तूलाही ‘कवडीमोल’ म्हणून आपण ती वाया घालवतो. टाकाऊ वस्तूसाठी मराठीत शब्दांचा तोटा नाही.

हे मला पुस्तकातून कळले नाही. मी शाळेत असताना वडील एका वर्षी ट्रॉलीभर उन्हाळ कांदा घेऊन बाजार समितीत गेले होते, आणि सुट्टी असल्याने मी बरोबर होतो. कांदा निवडलेला होता, एकसारखा, गुलाबी पत्तीचा. लिलाव पुकारला गेला तो आमच्या ट्रॉलीपाशी पाच मिनिटेही थांबला नाही. हमाली, तोलाई आणि गाडीभाडे वजा करून हिशेबपट्टीवर जी रक्कम राहिली, तिच्यात बियाण्याचा खर्चही निघत नव्हता. वडिलांनी पट्टी चौघडी करून सदऱ्याच्या खिशात ठेवली आणि घरी येईपर्यंत ते एकच वाक्य बोलले: “माल वाईट नव्हता.” पुढे वर्षानुवर्षे ‘कवडीमोल’ हा शब्द मथळ्यात बसवताना मला ते वाक्य ऐकू येत असे, आणि अजूनही येते.

वस्तू तीच आणि मोल निराळे, हे तर कवडीच्या स्वतःच्याच चरित्रात लिहिलेले आहे. कवड्यांचे सर्वांत मोठे आगर म्हणजे मालदीव बेटे. १३४३ साली इब्न बतूता तिथे पोहोचला आणि काही काळ त्याने तिथे काझी म्हणून काम केले. लोक समुद्रातून हे प्राणी गोळा करतात, किनाऱ्यावर खड्ड्यांत ठेवतात, मांस नाहीसे झाले की पांढरे कवच उरते, आणि तेच त्यांचे चलन, असे त्याने लिहून ठेवले आहे. बंगालमधले लोक तांदूळ देऊन या कवड्या घेऊन जात. मालदीवमध्ये सोन्याच्या एका दिनाराला चार लाख कवड्या मिळत, आणि कधीकधी भाव उतरून बारा लाखही मिळत. हाच प्रवासी पुढे सुमारे दहा वर्षांनी पश्चिम आफ्रिकेत माली आणि गाओ इथे गेला, तेव्हा तिथे याच कवड्या एका दिनाराला ११५० या दराने चालताना त्याने पाहिल्या. मालदीवच्या वाळूत जी अक्षरशः कवडीमोल होती, तीच कवडी वाळवंटापलीकडे शेकडो पटींनी महाग झाली होती, आणि या साऱ्या प्रवासात तिच्यात तसूभरही फरक पडलेला नव्हता.

बंगाल आणि ओडिशात तर ती इंग्रजी अमदानीपर्यंत टिकली. चार कवड्यांचा गंडा, वीस गंड्यांचा पण, सोळा पणांचा कहाण आणि चार कहाणांचा रुपया, अशा हिशेबाने एका रुपयाला ५१२० कवड्या पडत. अठराव्या शतकाच्या अखेरीस सिल्हेटचा महसूल कवड्यांतच भरला जाई, आणि तो साठवायला कोठारे आणि वाहायला होड्यांचे तांडे लागत. ओडिशात कंपनी सरकारने महसुलासाठी कवडी नाकारून चांदी मागितली, आणि खुर्द्याच्या १८१७ च्या पाईक उठावाच्या कारणांत या निर्णयाचीही गणना होते. ज्यांच्या घरात कवड्यांची पोती होती, त्यांची ती पुंजी सरकारच्या एका शब्दाने कवडीमोल झाली होती; इथे तर हा अलंकारही राहत नाही.

‘माणसाचा जीव कवडीमोल झाला आहे’ हे वाक्य आपण अपघातांच्या आणि दुर्घटनांच्या बातम्यांत लिहितो. ते लिहिताना माझा हात आता अडखळतो. डच आणि इंग्रज व्यापारी मालदीवच्या कवड्या बंगाल आणि श्रीलंकेतून विकत घेत, जहाजाच्या तळाशी वजन म्हणून त्या ॲम्स्टरडॅमला आणि लंडनला नेत, आणि तिथून त्या पश्चिम आफ्रिकेच्या किनाऱ्यावर जात. तिथे कवड्या मोजून माणसे विकत घेतली जात आणि साखळ्यांत घालून अटलांटिकपार पाठवली जात. अठराव्या शतकात हा व्यापार भरात होता. पुढच्या शतकात पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून दुसऱ्या जातीच्या स्वस्त कवड्या जहाजे भरभरून तिकडे ओतल्या गेल्या आणि तिथले कवडीचे चलनच कोसळले. घाना स्वतंत्र झाल्यावर त्या देशाने १९६५ साली आपल्या नव्या चलनाला ‘सेडी’ हे नाव दिले. अकान भाषेत कवडीला जो शब्द आहे त्यावरून ते आले आहे.

आजी तुळजाभवानीची आराधी होती. दर मंगळवारी ती माळ गळ्यात घालून, परडी घेऊन पाच घरी जोगवा मागायला जाई, आणि आल्यावर माळ ओल्या फडक्याने पुसून खुंटीला लावी. एकदा माळेचा दोरा तुटला आणि कवड्या ओसरीभर घरंगळल्या. आम्ही मुलांनी त्या शोधून दिल्या, पण तिने मोजून पाहिले तर एक कमी भरली. ती दिवेलागणीला उंबऱ्याच्या फटीत सापडली, पाठीला चीर गेलेली. आम्ही ती फेकून देणार होतो. आजीने हात पुढे केला, ती घेतली आणि नव्या दोऱ्यात इतर कवड्यांच्या मध्ये ओवली. माळ आता माझ्याकडे आहे, आणि बोटे फिरवली की चिरेची ती एक कवडी डोळे मिटूनही सापडते.