लॉस सँटोसच्या मागावर लॉस एंजेलिस: पार्किंग, डोंगर आणि खारा तलाव

राजेहो, सरळच सांगतो. जीटीए फाइव्ह हा व्हिडिओ गेम खेळून ज्यांना लॉस एंजेलिस पाहायची ओढ लागली आहे त्यांनी जरूर जावं, पण गेमच्या नकाशावर दौरा आखू नये. शहर ओळखीचं निघतं, अंतरं निघत नाहीत. आणि गेममध्ये जे कुणी कधी करतच नाही, म्हणजे गाडी नियमात बसेल अशा जागी लावणं, त्यातच तिथे सगळ्यात जास्त वेळ आणि पैसा जातो. 'गेममधल्या जागा खऱ्या जगात' छापाचे जे व्हिडिओ फिरतात त्यात याबद्दल चकार शब्द नाही. दहा मिनिटांत समुद्र, वेधशाळा, डोंगर आणि तलाव दाखवून मंडळी मोकळी. त्या व्हिडिओंनी आमचा पहिला दिवस पार नासवला, म्हणून नागपूरहून यापुढे जाणाऱ्यांसाठी हे लिहून ठेवतो.

सीताबर्डी-धरमपेठेच्या सायबर कॅफेत ज्यांनी तासाचे पैसे मोजून 2004 चा जीटीए सॅन अँड्रियास खेळला, त्यांना त्यातली ग्रोव्ह स्ट्रीट ही गल्ली पाठ आहे. 2013 च्या जीटीए फाइव्हमध्ये तेच लॉस सँटोस पुन्हा, कितीतरी मोठं आणि बारकाईनं उभं केलं आहे. लॉस सँटोस म्हणजे लॉस एंजेलिस, आणि शहराबाहेरचं ब्लेन काउंटी म्हणजे दक्षिण कॅलिफोर्नियातले डोंगर, वाळवंट आणि खारा तलाव एकाच जागी आणून बसवलेले. गेममध्ये शहरातून उत्तरेला निघालं की आधी वाळवंट, मग अलामो सी हा तलाव, मग माउंट चिलियॅड हा डोंगर लागतो. प्रत्यक्षात ज्या डोंगरावरून चिलियॅड बेतला असं मानतात तो सॅन हासिंतो पूर्वेला आहे, आणि तलाव, म्हणजे सॉल्टन सी, डोंगराच्याही पलीकडे. आधी डोंगर, मग तलाव. गेममध्ये हा सगळा प्रवास पाच-सात मिनिटांचा. खरा रस्ता शहराच्या मध्यापासून पाम स्प्रिंग्सपर्यंत 170 किलोमीटरच्या आसपास आणि पुढे तलावाकाठच्या गावापर्यंत आणखी शंभरेक, म्हणजे नागपूरहून अमरावती गाठून तसंच पुढे अकोल्याला जावं तितका. एरवी पाम स्प्रिंग्स दोन तासांत येतं, पण शुक्रवारी संध्याकाळी शहरातून बाहेर पडलात तर तोच रस्ता चार तास खातो. शुक्रवारी निघूच नका.

याच रस्त्यावरचा पहिला खर्च आधी सांगतो. शहरातून पूर्वेला जाणाऱ्या 10 नंबरच्या फ्रीवेवर सुरुवातीच्या टप्प्यात डावीकडे एक्स्प्रेस लेन आहेत. रिकाम्या दिसतात, मोह होतो. त्यात जायला फास्टट्रॅक नावाचं यंत्र गाडीत लागतं. ते नसेल तर कॅमेरा नंबर टिपतो, नोटीस गाडी भाड्यानं देणाऱ्या कंपनीकडे जाते आणि ती टोलवर स्वतःचं हाताळणी शुल्क चढवून तुमच्या कार्डावरून कापून घेते. आमच्याकडून कापलेलं शुल्क मूळ टोलपेक्षा जास्त होतं, आणि गाडी घेताना काउंटरवर याबद्दल अवाक्षर नव्हतं. गाडी ताब्यात घेण्याआधी विचारा: यंत्र आहे का, आणि त्याचं रोजचं भाडं किती? रोज भाडं लागत असेल तर नको म्हणा आणि त्या लेनकडे फिरकू नका.

आता हॉलिवूड बुलेवार्ड, गेममधलं व्हाइनवूड. माझं स्पष्ट मत आहे की गाडी घेऊन तिथे जाऊच नये. आम्ही ज्या खाजगी पार्किंगमध्ये गाडी लावली तिथल्या पाटीवर हातभर मोठ्या आकड्यात 5 डॉलर लिहिलं होतं. त्याच्याखाली, पाटीच्याच रंगाहून जेमतेम वेगळ्या रंगात, 'दर 15 मिनिटांना'. गाडीच्या काचेतून ती ओळ दिसत नाही. पाटीजवळ उभं राहिलं तरच दिसते, आणि तोवर मागे चार गाड्या हॉर्न देत असतात. दोन तासही झाले नव्हते आणि कमाल दर लागू झाला, 35 डॉलर. कर्मचाऱ्याला विचारलं तर त्यानं नुसतं पाटीकडे बोट दाखवलं. हा प्रकार एका जागेपुरता नाही. पुढच्या तीन-चार पार्किंगच्या पाट्या मी मुद्दाम उतरून वाचल्या, मांडणी तीच. आणि कार्यक्रमाच्या दिवशी हाच दर आणखी वर जातो.

मग रस्त्यावर लावावी म्हटलं, तर तिथला खांब वाचावा लागतो. माझा मावसभाऊ तिकडेच राहतो. त्याचं पहिलंच वाक्य होतं, "भाऊ, इथं गाडी लावायच्या आधी खांब वाचायचा." एका खांबावर चार-पाच पाट्या एकाखाली एक असतात: दोन तासांची मुदत कुठल्या वेळेत, परमिटवाल्यांसाठी राखीव कधी, सकाळ-संध्याकाळ गर्दीत थांबायला पूर्ण बंदी कधी, आणि आठवड्यातून एकदा झाडूगाडी येते तेव्हा कुठली बाजू रिकामी ठेवायची. या सगळ्या पाट्या एकाच वेळी लागू असतात, एक अनुकूल दिसली म्हणून बाकीच्या सुटत नाहीत. झाडूगाडीच्या वेळेत गाडी सापडली तर 73 डॉलर दंड. फुटपाथची कडही रंगवलेली असते. लाल म्हणजे थांबायचंच नाही, पिवळी माल चढवण्या-उतरवण्यासाठी, पांढरी माणसं उतरवण्यापुरती, हिरवी थोड्या वेळासाठी. हे रंग पाठ करून जा.

एवढं करून बुलेवार्डवर काय मिळतं? पितळी कडांचे गुलाबी तारे जडवलेला फुटपाथ, 1927 चं चायनीज थिएटर, आणि अंगावर येणारी माणसं. कुणी सुपरहिरोच्या वेशात खांद्यावर हात टाकून फोटो काढतो आणि लगेच वीस डॉलर मागतो. कुणी हातात सीडी कोंबतो, नाव विचारून त्यावर सही करतो आणि मग पैसे दिल्याशिवाय वाट सोडत नाही. हात खिशातच ठेवा, बोलू नका, चालत राहा. पाहायचंच असेल तर मेट्रोची बी लाइन थेट हॉलिवूड/हायलँड स्टेशनला उतरवते. मेट्रोच्या टॅप कार्डावर 1.75 डॉलरमध्ये दोन तासांच्या आत गाडी बदलण्यासकट प्रवास होतो. अर्धा तास द्या आणि निघा.

टेकडीवरच्या अक्षरांबद्दलही भ्रम नको. गेममध्ये अक्षरांच्या पायाशी जाऊन उभं राहता येतं. खरी अक्षरं, मूळ 1923 साली जमिनीच्या जाहिरातीसाठी उभारलेली, आताची 1978 ची, 45 फूट उंच, कुंपणाआड आहेत आणि तिथे जाणं गुन्हा आहे. पायवाटेनं गेलात तर अक्षरांच्या मागे, वरच्या बाजूला पोहोचता. ग्रिफिथ वेधशाळेतून ती जास्त नीट दिसतात. वेधशाळा 1935 ची, गेममधली गॅलिलिओ हुबेहूब हीच. प्रवेश फुकट, सोमवारी बंद. गाडी इथेही नेऊ नका, तासाप्रमाणे पैसे आहेत. व्हर्माँट/सनसेट मेट्रो स्टेशनपासून डॅशची बस वर जाते. संध्याकाळी आभाळ निरभ्र असेल तर मोठ्या दुर्बिणीतून फुकट पाहायला देतात, त्याची रांग आधी धरा.

सँटा मोनिकाचा पियर आणि व्हेनिस बीच छान आहेत, पियरजवळपर्यंत मेट्रोची ई लाइन जाते, त्यावर लिहिण्यासारखं काही नाही.

हॉलिवूडमध्ये वाचवलेला वेळ वॉट्स टॉवर्सना द्या. गेममध्ये शहराच्या दक्षिणेला जे जाळीदार मनोरे दिसतात ते हेच. सायमन रोडिया नावाच्या इटालियन कामगारानं 1921 ते 1954 अशी तेहतीस वर्षं एकट्यानं, लोखंडी सळया वाकवून, त्यांना जाळी आणि सिमेंट लावून हे उभे केले. एकूण 17 रचना, सर्वात उंच जवळपास शंभर फूट. जवळ गेल्यावर सिमेंटात बसवलेले फुटक्या बशांचे तुकडे, शिंपले, हिरव्या बाटल्यांचे तळ दिसतात. मी कितीतरी वेळ एकाच खांबापुढे उभा होतो. गेममध्ये यांच्या बाजूनं शंभरदा गाडी पळवली असेल, पण हे एका माणसाच्या हातचं काम आहे हे कधी कळलंच नव्हतं. ए लाइनवर 103 रा रस्ता/वॉट्स टॉवर्स असंच स्टेशन आहे. दिवसाउजेडी जा.

आता डोंगर. सॅन हासिंतो 10,834 फूट, मीटरमध्ये 3,302, कळसूबाईच्या दुप्पट. चिलियॅडसारखाच इथे रोपवे आहे, 1963 पासूनचा. पाम स्प्रिंग्सजवळच्या खालच्या स्टेशनची उंची 2,643 फूट, वरच्याची 8,516, आणि हे सगळं दहाएक मिनिटांत. पाळणा जाता जाता स्वतःभोवती गोल फिरतो, त्यामुळे खिडकीसाठी धक्काबुक्की करू नका, सगळं दृश्य सगळ्यांपुढून जातं. वर उतरल्यावर डोकं जड होतं, श्वास लागतो. पहिला अर्धा तास हळू चाला. गेममध्ये सायकल किंवा बाइक शिखरावर नेता येते, इथे रानात सायकलीला बंदी आहे. शिखराकडे पायीच, जाऊन-येऊन सतराअठरा किलोमीटर, सहा ते आठ तास. लाँग व्हॅलीच्या रेंजर स्टेशनवर दिवसाचं परमिट फुकट मिळतं, फॉर्म भरून प्रत खिशात ठेवा.

आपण नागपूरची माणसं, ऊन म्हटलं की घाबरत नाही. इथे तो माज उपयोगाचा नाही. पायथ्याशी अंगातून घाम निघत असतो आणि वर पंधरा-वीस अंशांनी थंड असतं, वारा वेगळाच. जाड जॅकेट, माणशी तीन लिटर पाणी, पकड असलेले बूट. दिवाळीचा फराळ नेला होता, वरच्या थंडीत चिवड्यानं खरा हात दिला.

वाट पाइनच्या झाडांतून राउंड व्हॅली, मग वेलमन डिव्हाइड, मग डोंगराच्या कुशीनं लांबच लांब आडवी. शेवटी दगडी झोपडी लागते, 1930 च्या दशकात बांधलेली, आणि तिच्यापुढे पायवाट संपते. नुसते घरासारखे धोंडे, हातापायांनी चढायचं. इथे बरेच जण परत फिरतात. फिरू नका, हा भाग दिसतो तितका अवघड नाही. वर उंची लिहिलेली पाटी आहे, आणि पाटीपाशी उभं राहिलं की एका बाजूला सॅन गोर्गोनियोचा डोंगर आणि दुसऱ्या बाजूला, खूप खाली, वाळवंटात चकाकणारा सॉल्टन सी. गेमचा सगळा नकाशा एका नजरेत, फक्त क्रम उलटा. त्या क्षणी मला पस्तीस डॉलर, टोल, सगळं विसरायला झालं. आयुष्यात एकदा तरी इथे यावंच.

पण खरा वाईट टप्पा परतीच्या शेवटी आहे आणि त्याबद्दल कुणीच सांगत नाही. सकाळी रोपवेच्या वरच्या स्टेशनातून बाहेर पडताना काँक्रीटचा एक नागमोडी उतार लाँग व्हॅलीत उतरतो. उतरताना पाच-दहा मिनिटांत खाली, लक्षातही राहत नाही. संध्याकाळी, गुडघे बोलत असताना, पाणी संपलेलं असताना, तोच उतार चढायचा असतो. काँक्रीट कडक, चढ खडा, आणि प्रत्येक वळणावर कठड्याला टेकलेली, माझ्यासारखीच शिखरावरून आलेली माणसं. वर स्टेशन दिसत असतं आणि जवळ येत नाही. लहान मुलं चप्पल घालून बाजूनं पळत जातात, कारण ती फक्त खालपर्यंत फिरून आलेली असतात. या चढासाठी अर्धा लिटर पाणी आणि अर्धा तास वेगळा राखून ठेवा. शेवटच्या पाळण्याची वेळ सकाळीच तिकीट खिडकीवर विचारून घ्या.

सॉल्टन सी दुसऱ्या दिवशी. 1905 साली कोलोरॅडो नदीनं कालवा फोडला आणि दोनेक वर्षं पाणी या खोलगट वाळवंटात भरत राहिलं, त्याचा हा तलाव. समुद्रापेक्षा खारट आणि समुद्रसपाटीहून सत्तरेक मीटर खाली. काठावरच्या गावाचं नाव बॉम्बे बीच. गेमच्या सँडी शोअर्समधले मोडके ट्रेलर, गंजक्या गाड्या, ओसाड गल्ल्या, सगळं तसंच्या तसं. वाळू म्हणून जिच्यावर पाय ठेवतो ती नुसती वाळू नसते, त्यात माशांची हाडं आणि बारीक शिंपले कुरकुरतात. वास उग्र, सडक्या अंड्याचा. दमा असलेल्यांनी जाऊ नये. बाकीच्यांनी सकाळी लवकर जावं, तासाभरात परत फिरावं. पाणी आणि पेट्रोल आधीच्या मोठ्या गावातच भरून घ्या. आणि तिथे माणसं राहतात, तेव्हा कुणाच्या अंगणात शिरून फोटो काढू नका.

ऋतूचं गणित महत्त्वाचं. उन्हाळ्यात पाम स्प्रिंग्स पेटलेलं असतं, जुलै 2024 मध्ये पारा 51 अंशांवर गेला होता, आणि तलावाचा वास तेव्हा सोसवत नाही. डिसेंबर ते एप्रिल डोंगरावर बर्फ असतो, बुटांना काटे बांधल्याशिवाय शिखर होत नाही. दोन्ही एकाच दौऱ्यात हवं असेल तर ऑक्टोबरचा उत्तरार्ध ते नोव्हेंबरचा मध्य, म्हणजे बहुतेक वर्षी दिवाळीची सुट्टी. तिकिटं त्या काळात महाग पडतात, व्हिसाची तारीखही लांबची मिळते, तेव्हा वर्षभर आधी लागा. आंतरराष्ट्रीय ड्रायव्हिंग परमिट निघण्याआधी नागपूरच्या आरटीओतून काढून घ्या. त्याची मुदत एक वर्षाची असते, म्हणून ते मात्र फार लवकर काढू नका.