भडंगची तीसपर्यंतची वाटचाल

भडंग हे आमच्या राल्ट्सचं नाव. पोकेमॉन एमराल्ड या व्हिडिओ गेममध्ये राल्ट्स हा पोकेमॉन, म्हणजे पकडून लढवायचा प्राणी, घावतो तो रूट १०२ वर, ओल्डेल आणि पेटलबर्ग या दोन गावांच्या मधल्या गवतात. पोकेडेक्स, म्हणजे पोकेमॉनची नोंदवही, आणि त्यांना पकडायचे पहिले ५ पोकेबॉल हातात पडले की लगेच तिथं जाता येतं, म्हणजे गेम सुरू होऊन जेमतेम अर्धा-पाऊण तास झालेला असतो. त्या गवतात शंभरातल्या ३० वेळा पूचिएना येतो, ३० वेळा वर्म्पल, २० वेळा लोटॅड, १५ वेळा झिगझॅगून. राल्ट्स येतो ४ वेळा. उरलेल्या एका वेळी सीडॉट, पण त्याचं कुणाला पडलंय!

शंभरात चार म्हटल्यावर माझ्या भाचीनं लगेच हिशेब मांडला, "म्हंजे पंचवीस लढायांत एक घावणारच की!" चौथीतल्या पोरीचा हिशेब म्हणून झकास, फक्त तो 'च' काढायला हवा. २५ लढाया झाल्या तरी एकदाही राल्ट्स न दिसण्याची शक्यता ३६ टक्के असते, आणि ५० नंतरही १३ टक्के उरतेच. मी शाहूपुरीत गुळाच्या अडत दुकानात हिशेब लिहिते. त्यामुळे ०.९६ ला ०.९६ नं गुणत जायचा खेळ कॅल्क्युलेटरवर करून बघितल्याशिवाय मला राहवलं नाही. हा आकडा आधी माहीत असला की चिडचिड कमी होते. आपलं नशीब फुटकं नाही, गणितच तसं आहे, एवढं कळतं.

मशीन पुण्याच्या मावसभावाचं. दिवाळीला आला तेव्हा गेमबॉय अॅडव्हान्स एसपी आणि एमराल्डची हिरवी पारदर्शक कार्ट्रिज आमच्याकडे ठेवून गेला. चालू केलं की आधी एक सूचना येते: आतली बॅटरी संपली आहे, गेम खेळता येईल, पण घड्याळावर चालणाऱ्या गोष्टी घडणार नाहीत. भाचीचा चेहरा पडला. तिला वाटलं, खेळलेलं सगळं पुसलं जाणार. तसं होत नाही. एमराल्डचं सेव्ह त्या बॅटरीवर अवलंबून नसतं. थांबतं ते फक्त घड्याळ. लावलेल्या बेरी उगवत नाहीत, शोल केव्हची भरती-ओहोटी होत नाही. राल्ट्सचं घड्याळाशी काहीच देणंघेणं नाही. जुनी कार्ट्रिज घेताना ही सूचना बघून कुणी भाव पाडून मागत असेल तर खुशाल मागू दे, पण ती बघून गेम टाकून देऊ नका.

राल्ट्सच कशाला? सायकिक, म्हणजे मनाच्या शक्तीनं लढणाऱ्या प्रकारचा, पोकेमॉन हवा तर थोडं पुढे एब्राही मिळतो, आणि त्याचा १६ व्या लेव्हलला कडाब्रा होतो. पण एक तर एब्रा समोर आला की टेलिपोर्ट करून पसार होतो. दुसरं म्हणजे कडाब्राचा अलकझॅम करायला तो दुसऱ्याच्या मशीनवर पाठवावा लागतो. त्याला लिंक केबल लागते, दुसरं मशीन लागतं आणि दुसरा खेळणारा लागतो. कोल्हापुरात रंकाळ्यावर रात्री दहा वाजता भेळ खाणारे हजार जण मिळतील, पण एसपी आणि केबल घेऊन आलेला एक दाखवा. राल्ट्सचं तसं नाही. लेव्हल २० ला किर्लिया, ३० ला गार्डेव्हॉर. दगड नको, अदलाबदल नको, कुणाचे उपकार नकोत. शिवाय रानातल्या राल्ट्सला ४ थ्या लेव्हलला फक्त ग्राउल येतं, म्हणजे नुसतं गुरगुरणं. पळून जायची सोयच नाही. एकदा समोर आला की तो आपलाच, आपण स्वतः त्याला आडवा पाडला नाही तर.

तो धोका मात्र खरा असतो. ४ थ्या लेव्हलच्या राल्ट्सची एचपी, म्हणजे मार सोसायची ताकद, सोळा-सतराच्या आसपास, आणि बचाव अगदी कागदी. सुरुवातीला घेतलेला मडकिप तोपर्यंत सातव्या-आठव्या लेव्हलला पोचलेला असतो. त्याचे टॅकल, म्हणजे धडक, दोनदा बसले की राल्ट्स बेशुद्ध. म्हणून आम्ही आधी ४ थ्या लेव्हलचा एक वर्म्पल धरला आणि त्यालाच पुढे ठेवून गवतात फिरलो. याचा आणखी एक उपयोग आहे. पुढे रस्टबोरोच्या दुकानात ३५० ला रिपेल मिळतो, तो १०० पावलं चालतो. रिपेल मारला की आपल्या पुढच्या पोकेमॉनपेक्षा खालच्या लेव्हलचे जंगली पोकेमॉन येतच नाहीत. या गवतात सगळे ३ किंवा ४ लेव्हलचे, आणि राल्ट्स ४ चा. पुढे ४ लेव्हलचा वर्म्पल असला की तीनवाले सगळे गळतात आणि राल्ट्सचा वाटा आपोआप वाढतो. आम्हाला त्याची गरज पडली नाही, पण ज्याचा धीर सुटतोय त्यानं रस्टबोरोपर्यंत जाऊन परत यावं.

मशीन बंद-चालू करून नशीब बदलायचा प्रयत्न करू नये. एमराल्डमध्ये कोण समोर येणार हे ठरवणाऱ्या रँडम आकड्यांची सुरुवात दर वेळी एकाच जागेवरून होते. त्यामुळे सेव्ह करून रिसेट मारत बसणाऱ्याला पुन्हा पुन्हा तेच ते पूचिएना भेटण्याची शक्यता जास्त. चालत राहावं.

भाचीचा जीव जळाला तो वॉलीमुळे. पेटलबर्गमध्ये आपल्या बाबांच्या, म्हणजे नॉर्मनच्या, जिममध्ये (पोकेमॉन लढवायच्या आखाड्यात) गेलं की हा आजारी, लाजरा पोरगा येतो. नॉर्मन त्याला स्वतःचा झिगझॅगून आणि एक पोकेबॉल देतो, आपण त्याच्या सोबतीला याच रूट १०२ वर यायचं, आणि त्याला पहिल्याच झटक्यात राल्ट्स! गोष्टीतच तसं लिहून ठेवलंय. "मावशी, त्यानं एकदाच पाय टाकला गवतात, आणि आपण कधीचं फिरालोय," असं म्हणून तिनं मशीन माझ्या मांडीवर टाकलं आणि फराळाच्या डब्याकडे गेली. आई स्वयंपाकघरातून विचारत होती, "अजून त्या गवतातच हाय काय गं तुम्ही?"

घावला तेव्हा दुपारचे सौदे उरकून मी घरी आले होते आणि मशीन भाचीच्या हातात होतं. पडद्यावर ते हिरव्या टोपीखाली डोळे झाकलेलं पांढरं पोर उभं राहिलं आणि लगेच खाली ओळ आली की राल्ट्सनं वर्म्पलची शील्ड डस्ट ही अॅबिलिटी, म्हणजे अंगचा गुण, उचलली. ही ओळ कामाची असते. राल्ट्सची अॅबिलिटी सिंक्रोनाइझ किंवा ट्रेस यांपैकी एक असते, आणि ट्रेसवाला मैदानात येताक्षणी समोरच्याची अॅबिलिटी नकलतो. म्हणजे पकडायच्या आधीच कळलं की हा ट्रेसवाला. मग वर्म्पलचं टॅकल, राल्ट्सचं ग्राउल, परत टॅकल, परत ग्राउल. दर ग्राउलला वर्म्पलची ताकद कमी होत जाते, त्यामुळे मार हळूहळू बसतो आणि राल्ट्स मरायची भीती उरत नाही. स्वतःला पकडून द्यायची एवढी चांगली व्यवस्था दुसऱ्या कुठल्या पोकेमॉननं केलेली मी बघितली नाही. पूर्ण एचपीवर साधा पोकेबॉल टाकला तर पकडायची शक्यता तीस टक्क्यांच्या आसपास असते, एचपीची पट्टी निम्म्यावर आणली की साठीच्या घरात जाते. पट्टी निम्म्याखाली आल्यावर बॉल टाकला. तीनदा हलला आणि मिटला. नाव ठेवायची वेळ आली तेव्हा भाची भडंग खात होती, म्हणून नाव पडलं भडंग. निघाला नर. पुढे तो गाऊन घातल्यासारखा दिसणारा गार्डेव्हॉर होणार, हे मी तिला सांगितलं नाही. नर राल्ट्सला वेगळी वाट, म्हणजे गॅलेड, २००६ साली डायमंड आणि पर्लमध्ये मिळाली. एमराल्डमध्ये नर असो की मादी, शेवट गार्डेव्हॉरच.

इथपर्यंत नुसतं नशीब आणि हिशेब. खरं काम इथून पुढे, आणि बहुतेक जण राल्ट्स सोडून देतात ते इथंच. ४ थ्या लेव्हलच्या राल्ट्सला मारताच येत नाही. कन्फ्युजन हा पहिला खरा वार ६ व्या लेव्हलला मिळतो. तोपर्यंत त्याला लढाईत आधी उभं करायचं आणि लगेच मडकिपला बोलवायचं. अनुभव दोघांत वाटून मिळतो. तालमीत नव्या पोराला पहिल्या दिवशी जोडीत उतरवत नाहीत, आधी आखाडा उकरायला लावतात, तसंच हे. ६ वी लेव्हल आली तरी पूचिएनासमोर उपयोग नाही, कारण डार्क प्रकारावर सायकिक वार लागतच नाही. रस्टबोरोच्या जिमची प्रमुख रॉक्सॅन, तिचे दगडी पोकेमॉन मडकिपच्या वॉटर गनवरच सोपवले.

वर राल्ट्सचा अनुभवाचा तक्ताच महागडा. मडकिपला लेव्हल २० गाठायला ५,४६० गुण पुरतात, राल्ट्सला १०,००० लागतात. जवळजवळ दुप्पट. "माझा राल्ट्स मागे का पडतोय" असं वाटणाऱ्यांनी हा आकडा लक्षात ठेवावा. पोकेमॉन कमजोर नाही, वाट लांब आहे.

भडंगचं नशीब पालटलं ते ड्यूफोर्डजवळच्या ग्रॅनाइट केव्हमध्ये. वरच्या मजल्यावर निम्म्या वेळा मकुहिता येतो आणि ३० टक्के वेळा झुबॅट. एक फायटिंग, दुसरा पॉयझनचा, आणि दोन्हींवर सायकिक वार दुप्पट बसतो. इथं पहिल्यांदा भडंग एकटा लढला. एका कन्फ्युजनमध्ये मकुहिता आडवा झाल्यावर भाची पलंगावर उभी राहून "नाद खुळा!" असं इतक्या जोरात ओरडली की शेजारच्या काकू डोकावून गेल्या. खालच्या मजल्यांवर मात्र सेबलाय असतो, तोही डार्क, म्हणून भडंगला वरच ठेवला. ड्यूफोर्डच्या अंधाऱ्या जिममध्ये ब्रॉलीचा माचॉप आणि मकुहिता भडंगनं घेतले. मधला मेडिटाइट स्वतः अर्धा सायकिक असल्यानं त्याच्यावर वार साधाच बसतो, तिथं मडकिपची थोरली आवृत्ती मार्शटॉम्प कामी आला.

गुहेत स्टीव्हन नावाच्या पात्राला पत्र देऊन रस्टबोरोला परत गेलं की डेव्हॉन कंपनीचे मिस्टर स्टोन एक्स्प शेअर देतात. बरेच जण परत जायचा कंटाळा करतात. राल्ट्स असेल तर करू नये. ते हातात धरलं की न लढताही लढाईचा निम्मा अनुभव मिळतो. लेव्हल १६ ला टेलिपोर्ट आला. लढाईत फारसा कामाचा नाही, पण बाहेर वापरला की शेवटच्या पोकेमॉन सेंटरवर नेऊन सोडतो, चालायचं वाचतं. पुढचा सगळा सराव रूट ११० वर, कारण तिथं ऑडिश आणि गल्पिन, दोघंही पॉयझनचे.

लेव्हल २० झाली तेव्हा वेगळाच घोळ. पडदा काळा होऊन भडंग पांढरा चमकायला लागला आणि त्याच क्षणी एसपीचा हिरवा दिवा लाल झाला. चार्जर लावायला हात गेला, तर लाईट गेलेली. भाची घाबरून बटणं दाबायला निघाली होती. बी दाबलं की उत्क्रांती रद्द होते, म्हणून मी तिचा अंगठाच धरून ठेवला. किर्लिया झाला, मी लगेच सेव्ह केलं आणि मशीन मिटलं. मॉव्हिलला जिमच्या दारात वॉली भेटला, त्याचा राल्ट्स अजून १६ चाच. त्या लढाईत भाचीनं भडंगशिवाय दुसऱ्या कुणाला हातच लावला नाही.

सुट्टी संपून ती इचलकरंजीला गेली ती दम देऊनच, "मी आल्याबिगार तीसला न्यायचं न्हाई." एकीकडे गुळाचा हंगाम, आवक भरपूर, रात्री जेवणानंतर तेवढा वेळ. २१ ला काम माइंड (मन शांत करून वाराची ताकद वाढवायची चाल) आला, ग्राउल काढून तो ठेवला. २६ ला सायकिक नावाचाच वार, मग तर वाटेतल्या ट्रेनरांचं काही चालेना. पुढच्या जिमची प्रमुख फ्लॅनरी, तिची जिम झाली, भडंग २९ वर आणून ठेवला, आणि शब्द दिल्याप्रमाणे मशीन कपाटात.

ती एका रविवारी आली. मिसळीचा कट मागून घ्यायच्या आधी तिला मशीन हवं होतं. नॉर्मनच्या जिममधल्या एका ट्रेनरला हरवलं आणि तिथंच ३० झाली. गार्डेव्हॉर बघून ती आधी गप्प, मग म्हणाली, "भडंगला साडी नेसवली काय कुणी?" पण आकडे बघितल्यावर तक्रार संपली. राल्ट्सची एचपी, मार, बचाव वगैरे सहा आकड्यांची मूळ बेरीज १९८, किर्लियाची २७८ आणि गार्डेव्हॉरची एकदम ५१८. नुसता स्पेशल अॅटॅक ४५ वरून १२५.

नॉर्मनचा स्लेकिंग ३१ चा, मार जबरदस्त, पण आळशी. ट्रुअंट या अॅबिलिटीमुळे एक पाळी सोडून मारतो. त्याच्या आळसाच्या पाळीत काम माइंड, पुढच्या पाळीत सायकिक. त्याची काउंटर ही चाल फक्त शारीरिक वार परतवते, सायकिकवर तिचा काही उपाय नाही. स्लेकिंग पडला, बॅज मिळाला, आणि त्यानंतर वॉलीचे बाबा आम्हाला हाताला धरून घरी घेऊन गेले. पाण्यावरून जायचा सर्फ तेच देतात.

"पोराला आपण हरवलं," भाची म्हणाली, "तरी बाबा चांगले हायेत की."