एकटीनं काय करावं आणि काय करू नये

आमच्या पहिल्या मराठी चित्रपटाचं लेखन, दिग्दर्शन, निर्मिती आणि संकलन मी केलं. साउंड रेकॉर्डिंगसाठी मात्र पहिल्या दिवसापासून स्वतंत्र माणूस घेतला. पैशांची ओढाताण होती, तरी त्यावर मी ठाम होते.

चार कामं एकाच डोक्यात असली की निर्णय लवकर होतात. पटकथेत नांगरणीचं दृश्य लिहितानाच निर्माती म्हणून पुढचं दिसत होतं. जनावर दाखवायचं तर भारतीय जीवजंतु कल्याण मंडळाची शूटिंगआधी परवानगी लागते आणि नंतर ना-हरकत पत्र. त्याशिवाय सेन्सॉरकडे काम अडतं. कार्यालय हरियाणात, बल्लभगडला. पशुवैद्यकाचा दाखला, मालकाची कागदपत्रं, सगळं जमवलं, कारण बैलांशिवाय ती गोष्ट उभीच राहत नव्हती. काकांची बिडी मात्र लिहितानाच काढली. बिडी ठेवली असती तर ती दिसेल तेव्हा तेव्हा पडद्यावर इशारा आला असता, आणि माझ्या सर्वांत शांत प्रसंगात मला तो नको होता.

शूटिंग सेकंदाला २४ फ्रेम्सवर केलं, कारण थिएटरला द्यायची डिजिटल प्रत, म्हणजे डीसीपी, साधारणपणे २४ चीच असते. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे घरातल्या ट्यूबलाइटखाली चित्र लपलपतं. कॅमेऱ्याचं शटर १७२.८ अंशांवर ठेवलं, म्हणजे प्रत्येक फ्रेम सेकंदाच्या पन्नासाव्या भागाइतकी उघडी राहिली, की तो त्रास जातो. हे संकलक म्हणून मला आधीच हवं होतं. २५ वर शूट करून नंतर २४ करायचं म्हटलं की आवाजाची लांबी आणि पट्टी दोन्ही सांभाळत बसावं लागतं.

आता आवाजाविषयी. कट चुकला तर पुन्हा करता येतो, रंग सुधारता येतो. ओसरीवर आजी जे पुटपुटली ते त्या दिवशी नीट धरलं नाही तर गेलंच. डबिंगला तोच सूर येत नाही, विशेषतः ज्यांनी आयुष्यात कधी अभिनय केला नाही अशा गावकऱ्यांकडून. आमचा रेकॉर्डिस्ट प्रत्येक जागेचा रूम टोन, म्हणजे तिथल्या शांततेचा आवाज, घ्यायला सगळ्यांना गप्प उभं करायचा. विहिरीवरची मोटर बंद करायला स्वतः शेतकऱ्याकडे जायचा. दिग्दर्शन करताना माझे कान संवादाच्या अर्थाकडे असतात, मोटरकडे नाही. कितीही कामं अंगावर घेतली तरी हे बदलत नाही.

डीसीपी मी डीसीपी-ओ-मॅटिक या मोफत सॉफ्टवेअरवर बनवली. प्रमाणपत्राचा अर्ज सेन्सॉर बोर्डाच्या ई-सिनेप्रमाण पोर्टलवर भरला. नव्या वर्गवारीत यूए १३+ मिळालं, म्हणजे तेराखालच्या मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाखाली पाहावा.

पुढच्या चित्रपटासाठी संकलनही दुसऱ्याकडे देण्याचा विचार आहे. लेखन आणि निर्मिती माझ्याकडेच राहील, कारण कुठलं दृश्य किती त्रास सोसण्याच्या लायकीचं आहे हे कागदावरच ठरवायचं असतं, आणि ते मला जमतं.