गोल गावांची सहल : आमची वाटचाल

आमच्या व्यवसायाची नोंदणी हॅम्बुर्गची, पण काम चालतं तिथून सव्वाशे किलोमीटरवर, वेंडलांडात. लोअर सॅक्सनी राज्याच्या पूर्व टोकाचा हा शेतीचा मुलूख. लोकसंख्येने जर्मनीतला सगळ्यात लहान जिल्हा, पन्नास हजारांच्या आसपास माणसं. इथली जुनी गावं गोल आहेत. मधे पटांगण, भोवती दाटीने घरं, आत यायला मुळात एकच रस्ता, आणि प्रत्येक घराच्या मागे पाचरीसारखी रुंद होत गेलेली जमीन. अशा गावाला रुंडलिंग म्हणतात. आम्ही भारतातून आलेल्या पाहुण्यांना, बहुतेक मराठीच, तिथे एका दिवसासाठी नेतो. धंदा एवढाच.

मी राहुरीच्या कृषी विद्यापीठात शिकले आणि लग्नानंतर इकडे आले. इथे नोकरी करणाऱ्या मुलांकडे उन्हाळ्यात आईवडील येतात. राजवाडे, बंदर, मोठी चर्चं पाहून झाली की गॅलरीत बसून राहतात. त्यांतले बरेचसे शेतकरी घरातले. “इथले शेतकरी राहतात कुठं?” हे इतक्या जणांनी विचारलं, की त्यातूनच कामाची कल्पना सुचली.

एकाच दिवसाची सहल ठेवली ती हिशोबाने. २४ तासांपेक्षा कमी वेळ, मुक्काम नाही आणि माणशी खर्च ५०० युरोंच्या आत, असं असलं की जर्मन कायद्यात ती पॅकेज टूर धरत नाहीत. मग धंदा बुडाला तर पाहुण्यांचे पैसे परत मिळावेत म्हणून काढायच्या दिवाळखोरीच्या विम्याचं ओझं लहान धंद्यावर पडत नाही. पैसे घेऊन माणसं गाडीतून न्यायची तर वेगळा परवाना लागतो. म्हणून हॅम्बुर्गजवळच्या ल्यूनेबुर्गहून वेंडलांडातल्या डॅनेनबर्गपर्यंत रेल्वेने जातो आणि पुढे परवानाधारक स्थानिक चालकाची गाडी घेतो. तिथल्याच एका गावात राहणाऱ्या निवृत्त शिक्षिका आमच्या भागीदार आहेत. पाहुण्यांसकट आम्ही सगळे त्यांना ‘बाई’ म्हणतो. त्यांनाही ते आवडतं.

सुरुवात ल्यूबेल्नच्या रुंडलिंग संग्रहालयापासून होते. तिथे जुनी शेतकरी घरं उभी आहेत. लाकडी सांगाडा, मधल्या चौकटी मातीने नाहीतर विटांनी भरलेल्या, आणि समोर गवताने लादलेली गाडी थेट आत जाईल एवढं दार. आत लांबलचक जागा, दोन्ही बाजूंना गुरं, वर माळ्यावर धान्य आणि गवत, मागच्या अंगाला माणसं आणि चूल. सगळं एका छपराखाली. आमचे पाहुणे इथे सगळ्यात जास्त रमतात. काका मंडळी खांब मोजतात, मावश्या धूर कुठून जायचा ते विचारतात. (पूर्वी धुराडं नव्हतं, धूर घरभर फिरून बाहेर पडायचा आणि त्यातच मांस टिकायचं.) दारावरच्या तुळईवर घर बांधणाऱ्या नवराबायकोची नावं, साल आणि देवाचं एखादं वचन कोरलेलं असतं. बायकोचं माहेरचं नावही त्यात असतं. यावर बायकांमध्ये जी चर्चा रंगते, तिच्यामुळे पुढचं वेळापत्रक हमखास कोलमडतं.

गावं गोल का, यावर वाटाड्ये ठरलेलं उत्तर देतात : शत्रूपासून आणि लांडग्यांपासून बचाव. आम्ही ते सांगत नाही. ही वस्ती बाराव्या शतकाच्या सुमाराची. जर्मन सरदारांच्या अमलाखाली वेंड म्हणजे स्लाव (पूर्व युरोपातल्या भाषागटातल्या) शेतकऱ्यांना इथे वसवताना आखणी करूनच ही गावं बसवली, हे मला जास्त पटतं. जमिनीची वाटणी इतकी पद्धतशीर आहे की ती भीतीपोटी झाल्यासारखी वाटत नाही.

त्या वेंडांची भाषा पुढे मेली. स्यूटेन गावचा शेतकरी आणि खानावळवाला योहान पारुम शुल्त्से याने १७२५ च्या सुमारास तिचे शब्द लिहून ठेवले. तो आणि गावातली आणखी तीन माणसं गेली, की कुत्र्याला वेंडी भाषेत काय म्हणतात हेही कुणाला नीट सांगता येणार नाही, असं त्याने लिहिलंय. १७५६ मध्ये डोल्गो गावी एमेरेंट्स शुल्त्से ही म्हातारी वारली. ती भाषा बोलणारी शेवटची व्यक्ती म्हणून तिचं नाव घेतात. हे सांगताना हॅम्बुर्गमध्ये वाढणारी त्यांची नातवंडं जवळ असतील, तर आजी लोक एकदम मराठीत बोलायला लागतात. मी हसते, पण थांबवत नाही.

दुपारी साटेमीन. १८५० च्या आगीत हे गाव जळालं आणि लगेच पुन्हा बांधलं गेलं, म्हणून घरं एका घडणीची दिसतात. चर्च मात्र गोलाच्या बाहेर. बाई तिथल्या पटांगणात उभ्या राहून जवसाची गोष्ट सांगतात. या मुलखात जवसाच्या धाग्याचं कापड घरोघरी विणलं जायचं आणि त्या पैशांवर ही मोठी घरं उठली. पुढे गिरणीतलं सुती कापड स्वस्त झालं आणि हा धंदा बसला. नवं बांधायला पैसा उरला नाही, तेव्हा जुनं राहिलं. मग १९४५ नंतर सीमा अशी पडली की वेंडलांडच्या तीन बाजूंना पूर्व जर्मनी. कारखाने आले नाहीत, तरुण बाहेर गेले. १९७७ मध्ये इथल्याच गोर्लेबेन गावी अणुकचरा पुरायचं ठरलं, तेव्हा शेतकरी ट्रॅक्टर घेऊन रस्त्यावर उतरले. २०२० मध्ये ती जागा अणुकचऱ्यासाठीच्या संभाव्य जागांतून वगळली गेली. वारसा जपला असं आपण म्हणतो खरं, पण इथला बराचसा वारसा गरिबीने जपलाय. बाईंना हे वाक्य पूर्ण पटत नाही. त्या गाव वाचवणाऱ्या संस्थेत राबल्या आहेत, आणि त्या संस्थेला २०१५ मध्ये युरोपा नोस्त्रा हा वारसा जपणाऱ्यांना दिला जाणारा युरोपीय पुरस्कार मिळाला. ही वादावादी आम्ही पाहुण्यांसमोरच करतो.

जेवणात सालासकट उकडलेले बटाटे आणि क्वार्क. शाकाहारी मंडळींना क्वार्क म्हणजे पातळसर चक्काच वाटतो. मोसमात शतावरीचे पांढरे कोंब मिळतात. पण २४ जूननंतर ते काढत नाहीत, म्हणजे पुढच्या हंगामाला कंद तग धरतो. त्यामुळे मे महिन्याच्या जागा आधी भरतात.

एका ट्रॅव्हल कंपनीने पंचेचाळीस माणसांची बस आणायची विचारणा केली होती. आकडे चांगले होते. आम्ही नाही म्हटलं, कारण त्या पटांगणाभोवतीची घरं ही राहती घरं आहेत. कुणाच्या तरी स्वयंपाकघराच्या खिडकीसमोर पंचेचाळीस माणसं उभी करायची नाहीत, हे बाईंनी भागीदारीच्या पहिल्याच बोलण्यात ठरवून घेतलं होतं. आमचा गट आठ जणांचा, तो तसाच राहील. हिवाळ्यात सहली बंद असतात. सध्या आम्ही दोघी तुळयांवरचे मजकूर उतरवून मराठीत छोटी पुस्तिका करतो आहोत. जुनी अक्षरं बाई लावतात, पुढचं मी बघते.