मार्च-एप्रिलमध्ये लॉनला यूरिया देताना

पुणे-नाशिक भागात लॉनला उन्हाळी खत द्यायचं ते फेब्रुवारीअखेर ते एप्रिलच्या मध्यापर्यंत. थंडीत सुस्तावलेलं बर्मुडा गवत (आपल्या हरळीचंच भावंड) याच काळात अंग धरतं. पारा चाळिशीला टेकला की हात आवरायचा. विदर्भात ही वेळ मार्चअखेरीसच संपते.

तारखेपेक्षा महत्त्वाचं आहे पाणी. आठवड्याला साधारण 25 मिलिमीटर, म्हणजे 100 चौरस फुटांना 230 लिटर पाणी द्यायची सोय नसेल, तर खत देऊच नका. नत्र मिळालं की गवत पानं फेकतं, पानं वाढली की पाण्याची मागणी वाढते, आणि टँकरवर चालणाऱ्या सोसायटीत ते गवत मे महिन्यात करपतं. उपाशी गवत फिकट दिसतं, पण पहिल्या पावसात सावरतं.

मात्रा नेहमीच्या निम्मी ठेवा: 100 चौरस फुटांना 50 ग्रॅम यूरिया, किंवा अमोनियम सल्फेट 110 ग्रॅम. नत्र दोन्हींत जवळपास सारखंच पडतं. काळ्या, चुनखडीच्या जमिनीत अमोनियम सल्फेट बरं, कारण ते आम्लधर्मी आहे. कोरियन गवत हळू वाढतं, त्याला याच्याही निम्मं पुरे. वजन मात्र काट्यावरच करा. मुठीचा अंदाज माणसागणिक बदलतो आणि सगळी भानगड तिथूनच सुरू होते.

दोन दिवस आधी कापणी उरकून घ्या, एका वेळी पानाचा एक तृतीयांशाहून जास्त भाग काढू नका. आदल्या दिवशी भरपूर पाणी द्या, म्हणजे दुसऱ्या दिवशी जमीन वाफशावर येते, ओलसर असते पण चिखल नसतो. संध्याकाळी पाच-साडेपाचला, ऊन कलल्यावर, पान हाताला कोरडं लागतंय ना हे बघा. ओल्या पानावर दाणा चिकटतो आणि तिथेच तपकिरी ठिपका पडतो. यूरियात दहापट कोरडी, चाळलेली वाळू मिसळा. त्या मिश्रणाचे दोन भाग करा, एक उभा फेका, दुसरा आडवा. एकाच दिशेने फेकलं की आठवड्याभरात लॉनवर गडद-फिकट पट्टे उमटतात. मग लगेच पाणी, 100 चौरस फुटांना 50-60 लिटर. दाणे मातीत उतरले पाहिजेत, पण पाणी वाहून जाता कामा नये. कोरड्या उन्हाळी हवेत पानं अंधार पडायच्या आत सुकतात, रात्रभर ओली राहिली तर बुरशीला आमंत्रण.

कुठे खताचा ढीग सांडलाच तर आधी कोरडाच भरून घ्या आणि मगच पाणी सोडा. दोन-तीन दिवसांत तिथलं गवत पेंढ्यासारखं पिवळं पडलं, तर ती क्षारांची करामत: मुळांकडचं पाणी उलट मातीकडे ओढलं जातं. अशा जागी पाण्याशिवाय दुसरं काही देऊ नका. रोज एकदा खोलवर भिजवा. कडेची हरळी त्या जागेत आपणहून शिरते.

खत देऊनही लॉन पिवळंच राहिलं, तर खाली वाकून पान निरखा. जुनी पानं सरसकट पिवळी असतील तर नत्र कमी आहे. कोवळी पानं पिवळी आणि शिरा हिरव्या असतील तर लोह कमी आहे. चुनखडीच्या जमिनीत हे सर्रास दिसतं, आणि लोक तिथे आणखी यूरिया ओततात. त्याऐवजी 10 ग्रॅम हिराकस (फेरस सल्फेट) 2 लिटर पाण्यात विरघळवून 100 चौरस फुटांवर संध्याकाळी फवारा. फरशीवर उडालेले थेंब तिथल्या तिथे धुऊन टाका, वाळले की गंजाचे डाग सहजी जात नाहीत.

शेणखताचा थर उन्हाळ्यात नको. नीट न कुजलेल्या शेणखताबरोबर लव्हाळ्याचं तण येतं, मुळं खाणारी हुमणी अळीही येते. पुढचा हप्ता जूनमध्ये पाऊस स्थिरावल्यावर, मुसळधार पावसाचा अंदाज नसेल असा दिवस बघून.