प्रियससाठी नव्या रिम निवडताना

आमची गाडी टोयोटा प्रियस, तिसऱ्या पिढीची. २०१० साली ही गाडी भारतात विक्रीला आली, पण बाहेरून पूर्ण तयार होऊन येत असल्यामुळे महाग पडायची आणि फारशी खपली नाही. मोठे भावजी परदेशी गेले तेव्हा त्यांनी ती आम्हाला दिली. हायब्रिड म्हटलं की सगळे बॅटरीचंच विचारतात. बॅटरीने आम्हाला आजवर काही त्रास दिलेला नाही, घाम फोडला तो चाकांनी.

गेल्या पावसाळ्यात इगतपुरीकडून येताना पाण्याने भरलेल्या खड्ड्यात डावीकडची दोन्ही चाकं आदळली. पुढच्या रिमला आतल्या कडेला तडा गेला, मागचीची कड वाकली. वेल्डिंग करून देतो म्हणणारे दोघे-तिघे लगेच भेटले. मी नको म्हटलं. अलॉयची, म्हणजे ॲल्युमिनियमच्या मिश्रधातूची रिम ओतल्यावर तिच्यावर उष्णतेची प्रक्रिया केलेली असते, तिची ताकद त्यातून येते. वेल्डिंगच्या धगीने तड्याभोवतीचा भाग मऊ पडतो आणि नेमका तोच भाग पुढच्या खड्ड्यात मार खातो. नुसता ओरखडा असता तर गोष्ट वेगळी होती.

मूळ रिम मागवायच्या तर किती दिवस लागतील हे कोणी छातीठोकपणे सांगेना. शिवाय दोन मूळ रिमांच्या पैशांत बाजारातल्या चार येत होत्या. तेव्हा ठरवलं, चारही बदलायच्या, पण मापात बसणाऱ्याच घ्यायच्या. मी नाशिकमध्ये अंबडला एका कारखान्यात क्वालिटीत काम करते. भाग मोजल्याशिवाय पुढे सोडायचा नाही, हे अंगवळणी पडलेलं आहे.

सुरुवात केली ती काढलेल्या रिमच्या पाठीवरून. चिखल पुसला की तिथे कोरलेलं दिसतं: १५ × ६ जे, आणि बाजूला ४५. म्हणजे व्यास १५ इंच, रुंदी ६ इंच, आणि ऑफसेट ४५ मिलिमीटर. ऑफसेट म्हणजे रिम हबला, म्हणजे गाडीच्या ज्या फिरत्या भागावर चाक बसतं त्याला, जिथे टेकते ती पाठ रिमच्या मध्यरेषेपासून किती बाहेर आहे ते माप. दुकानात याला ईटी म्हणतात. पाच भोकांचं पीसीडी, म्हणजे त्यांच्या मध्यांतून जाणाऱ्या वर्तुळाचा व्यास, १०० मिलिमीटर, मधलं भोक म्हणजे सेंटर बोअर ५४.१, आणि नट ज्यांवर बसतात ते हबवरचे खिळे, म्हणजे स्टड, १२ मिलिमीटरचे, १.५ पिचचे (पिच म्हणजे दोन आट्यांमधलं अंतर). टायर १९५/६५ आर १५ (रुंदी १९५ मिलिमीटर, बाजूच्या भिंतीची उंची रुंदीच्या ६५ टक्के, रिम १५ इंची), आणि टायर किती भार पेलतो ते सांगणारा लोड इंडेक्स ९१.

एवढं कागदावर लिहून वडाळा नाका, मुंबई नाका, नाशिकरोड असं फिरायला लागले. पहिल्याच दुकानात ऐकलं, "मॅडम, टोयोटा ना? क्रिस्टाची घेऊन टाका." क्रिस्टाचं पीसीडी ११४.३ आहे. इटिऑसला तर चारच भोकं. एकाच कंपनीच्या गाड्या म्हणून रिम एकमेकींना बसतात असं नाही. दुसऱ्या एका ठिकाणी जुन्या क्रूझच्या रिम निघाल्या. पाच भोकं, दिसायला अगदी आमच्यासारख्या, पण पीसीडी १०५. प्रत्येक भोक अडीच मिलिमीटरने बाहेर, आणि "नट जरा तिरका बसेल, पण बसेल" असं मला सांगण्यात आलं. तिथून मी निघाले.

पाच भोकांच्या रिमचं पीसीडी सरळ मोजता येत नाही, कारण कुठलंही भोक दुसऱ्याच्या बरोबर समोर येत नाही. त्यासाठी एक सोपी रीत आहे. शेजारशेजारच्या दोन भोकांच्या मध्यांमधलं अंतर घ्यायचं. ते ५८.८ आलं तर पीसीडी १००, ६७.२ आलं तर ११४.३. मध्य शोधायला नजर लावायची गरज नाही. एका भोकाच्या डाव्या कडेपासून दुसऱ्याच्या डाव्या कडेपर्यंत व्हर्निअर (बारीक मापं घ्यायची सरकती पट्टी) लावला की तेच अंतर मिळतं. व्हर्निअर पर्समध्ये घेऊनच मी दुकानांत जायचे. दुकानदार आधी बघत राहायचे, मग स्वतःच शेल्फवरच्या दुसऱ्या रिम मोजायला पुढे करायचे.

पीसीडी १०० ची रिम नाशिकमध्ये मिळते ती मुख्यतः फोक्सवॅगन पोलो, व्हेंटो आणि स्कोडा रॅपिडमुळे. पोलोच्या उतरवलेल्या कंपनीच्या रिम एका दुकानात छान अवस्थेत होत्या, किंमतही पटण्यासारखी. पण त्या गाड्यांना चाक नटाने नाही, बोल्टने बसतं. १४ मिलिमीटरचा बोल्ट थेट हबमध्ये जातो, आणि रिममधली त्याची बैठक वाटीसारखी गोल असते. आमचा १२ चा स्टड त्या भोकात खेळतो आणि आमच्या कुठल्याच नटाला तिथे टेकायला जागा नाही. शिवाय पोलो वजनाला हलकी. तिला १८५/६० आर १५ टायर ८४ लोड इंडेक्सचा चालतो, म्हणजे एका चाकावर ५०० किलो. आमच्या ९१ चे होतात ६१५ किलो. हायब्रिडमध्ये बॅटरी आणि मोटरचं वजन वाढतं, प्रियस रिकामीच १४०० किलोच्या आसपास भरते. म्हणून रिमच्या पाठीवर किती किलोचा भार कोरला आहे हे मी प्रत्येक वेळी बघितलं. जिच्यावर तो आकडाच नव्हता, ती रिम हातात घेतली नाही.

मोठ्या चाकांचा आग्रह सगळीकडे झाला. सतरा इंची लावा, गाडी उठून दिसेल. दिसेलही. पण प्रियसची सगळी करामत वजन आणि हवेचा रोध कमी ठेवण्यात आहे. कंपनीने तिचा हवेच्या रोधाचा आकडा ०.२५ वर आणला, त्यासाठी मूळ पंधरा इंची अलॉयवरसुद्धा प्लॅस्टिकचं सपाट झाकण दिलं. शहरात ही गाडी दर सिग्नलला थांबते आणि मोटरवर निघते. जड चाक फिरवायला प्रत्येक वेळी जास्त वीज जाते. दुकानातल्या काट्यावर आमची मूळ रिम सात किलोच्या थोडी वर भरली, ती सतरा इंची दहाच्या पुढे गेली. चार चाकं धरली तर हा फरक लहान नाही.

टायरचा बाहेरचा घेरही बदलू द्यायचा नव्हता. १९५/६५ आर १५ चा व्यास ६३४ मिलिमीटरच्या जरा वर येतो. १८५/६० लावला तर तो ६०३ होतो, म्हणजे जवळजवळ पाच टक्के कमी. स्पीडोमीटर आणि किलोमीटर दोन्ही जास्त दाखवणार, आणि मायलेजचा आकडा खोटा होणार. हायब्रिड घेणाऱ्या माणसाला निदान तो आकडा तरी खरा हवा. म्हणून माप तेच ठेवलं, शाबूत होते ते टायरही तेच. तडा गेलेल्या रिमवरचा टायर मात्र उतरवून आतून हात फिरवून बघितला. बाजूच्या भिंतीत फुगवटा निघाला, तो टाकून दिला आणि जोडीला जोड म्हणून पुढचे दोन्ही नवे घेतले.

शेवटी हाती लागली ती बाजारातली पंधरा इंची रिम. रुंदी साडेसहा, ईटी ४०, पीसीडी १००, भार ६९० किलो, पाठीवर जेडब्ल्यूएलचा, म्हणजे अलॉय रिमसाठीच्या जपानी मानकाचा शिक्का. स्पोक सपाट आणि जवळजवळ, हवेला फार खोबणी नाहीत. १९५/६५ टायर साडेपाच ते सात इंच रुंदीच्या रिमवर चालतो, तेव्हा साडेसहाला हरकत नव्हती. पण जागेचा हिशेब करून बघितला. रुंदी अर्धा इंच वाढली म्हणजे दोन्हीकडे ६.३५ मिलिमीटर. ऑफसेट ४५ वरून ४० झाला म्हणजे अख्खं चाक ५ मिलिमीटर बाहेर. त्यामुळे बाहेरची कड सव्वाअकरा मिलिमीटरच्या जरा जास्त बाहेर येते आणि आतली सव्वा-दीड मिलिमीटर आत शॉकअपकडे सरकते. दोन्हीकडे तेवढी जागा होती. हीच रिम सात इंची आणि ईटी ३५ ची असती तर बाहेरची कड पावणेतेवीस मिलिमीटर बाहेर आली असती आणि भरलेल्या गाडीत मडगार्डला घासली असती.

राहिला सेंटर बोअर. बाजारातल्या रिमचं मधलं भोक मोठं ठेवतात, म्हणजे एकच रिम अनेक गाड्यांना विकता येते. हिचं ७३.१ होतं, आमचा हब ५४.१. भोवती साडेनऊ मिलिमीटरची पोकळी! "नट मध्यावर आणतात, काही होत नाही," असं मला सांगितलं गेलं. निमुळता नट चाक मध्यावर आणतो हे खरं, पण चाक हवेत उचललेलं असताना, हाताने, एकाआड एक आवळलं तर. इथे एअर गनने पहिला नट गच्च झाला की बाकीच्या चारांना चाक हलवायला वावच उरत नाही. चाकाचा भार तसा हबच्या ओठावर, म्हणजे रिमच्या मधल्या भोकात जाणाऱ्या गोल कडेवर नसतोच. नटांनी आवळलेल्या दोन सपाट पृष्ठांच्या घर्षणावर असतो. ओठाचं काम चाक बरोबर मध्यावर धरण्याचं. ते हुकलं तर बॅलन्सिंग कितीही करा, ऐंशीच्या पुढे स्टिअरिंग थरथरतं. प्रियससारख्या गाडीत हे जास्तच जाणवतं, कारण निम्मा वेळ इंजिन बंद असतं आणि चाकांखेरीज दुसरा आवाजच नसतो.

ही पोकळी भरायला मधे घालायची रिंग तयार मिळते, पण आमच्या मापाची इथे कोणाकडे नव्हती. नाशिकला राहण्याचा फायदा असा की सातपूर-अंबडला लेथची वानवा नाही. आमच्या ओळखीचे एक काका तीस-एक वर्षं टर्नर आहेत. मी ड्रॉइंग काढून नेलं. त्यांनी ते बघितलं, बाजूला ठेवलं आणि म्हणाले, "ताई, कागद राहू दे. रिम आण आणि हब दाखव." गाडीच त्यांच्या शेडसमोर उभी केली. त्यांनी हबचा गंज आधी तारेच्या ब्रशने, मग बारीक पॉलिश पेपरने काढला, तेव्हा कुठे मायक्रोमीटर लावला. दोन दिशांनी, आणि मग चारही हब वेगवेगळे. रिमची भोकंही चारही मोजली. ॲल्युमिनियमच्या बारमधून त्यांनी चार रिंग काढल्या. हबवर हाताने दाबून सरकेल इतपत, मोकळी नाही. आतल्या कडेला तिरका कट घेतला, कारण हबच्या मुळाशी थोडी गोलाई असते. कट नसता तर रिंग तिथे अडली असती आणि रिम हबला पूर्ण टेकली नसती. पहिली रिंग बसवताना ते कान देऊन ऐकत होते. आत गेली तसा बारीक फुस्स आवाज आला, आतली हवा निघाली. "बसली," म्हणाले, आणि दुसरी लावायला घेतली. लोखंडी हब आणि ॲल्युमिनियम पावसाळ्यात एकमेकांना धरून बसतात, म्हणून मधे ग्रीसचं अगदी पातळ बोट फिरवलं. स्टडला आणि टेकायच्या पृष्ठाला मात्र ग्रीस लागू दिलं नाही.

नटांचं प्रत्येकाने लक्षात ठेवावं असं मला वाटतं. प्रियसच्या मूळ अलॉयचा नट सरळ मानेचा आणि सपाट वॉशरचा असतो. मान रिमच्या भोकात जाते आणि वॉशर वरून दाबतो. नव्या रिमची बैठक निमुळती, ६० अंशांची. जुने नट त्यावर चढतात, आवळतात, आणि धड टेकतच नाहीत. दुकानदार जुनेच लावायला निघाला होता. मी वीस नवे निमुळते नट घेतले, १२ चे आणि १.५ पिचचे. सुझुकीच्या गाड्यांना १२ चाच पण १.२५ पिचचा नट लागतो आणि दुकानातल्या डब्यात दोन्ही एकत्र पडलेले असतात. म्हणून प्रत्येक नट आधी हाताने फिरवून बघितला. निदान आठ आटे पकडले पाहिजेत.

बसवायच्या दिवशी गाडी पूर्ण बंद केली आणि किल्ली लांब ठेवली. हायब्रिडमध्ये इंजिन बंद आहे म्हणजे गाडी बंद आहे असं नसतं. डॅशबोर्डवर रेडीचा दिवा लागलेला असेल तर जॅकवर असताना इंजिन आपोआप सुरू होऊ शकतं. जॅकही दारांखालच्या पट्टीवरच्या ठरलेल्या जागीच लावायला सांगितला. या गाडीत बॅटरीपासून पुढे जाणारी जाड नारिंगी केबल तळाखालून जाते. तिथे जॅक लागता कामा नये.

चाक हाताने फिरवून ब्रेकचा कॅलिपर आणि स्पोकमधली फट बघितली, स्टिअरिंग दोन्ही टोकांपर्यंत वळवून शॉकअपकडची. नट हाताने लावले, मग चांदणीच्या क्रमाने थोडे थोडे आवळले, आणि गाडी खाली घेऊन टॉर्क रेंचने १०३ न्यूटन मीटर. एअर गन मी लावूच दिली नाही. त्या पोराने पहिल्यांदाच टॉर्क रेंचची 'कट' ऐकली असावी. शेवटच्या चाकाला त्याने रेंच माझ्या हातातून मागून घेतला.

नंतर त्र्यंबक रोडला गाडी नेली. स्टिअरिंग स्थिर होतं. मागे तिघांना बसवून घराजवळच्या गतिरोधकांवरून काढली, कुठे घासलं नाही. शंभरेक किलोमीटर झाल्यावर नट पुन्हा टॉर्कला तपासले. एक-दोन किंचित फिरले. ते फिरतातच, नव्या रिमची बैठक दबून बसते, आणि हे तपासणं दुकानात कोणी सांगत नाही.

जुन्या दोन शाबूत रिमांपैकी एक टायरसकट लांबच्या प्रवासाला डिकीत असते. तिला नवे नट चालत नाहीत, म्हणून मूळचे पाच नट कापडी पिशवीत घालून तिच्या स्पोकलाच बांधले आहेत आणि पिशवीवर मार्करने लिहिलं आहे: ही रिम लावायची तर हेच नट.